पुटपुटीचा पहिला अल्बम

टॉवेलांच्या त्या कारखान्यात कुणाचं खरं नाव फार दिवस टिकत नसे. शेडमधले माग सुरू झाले की कानाशी तोंड नेऊन ओरडलं तरी ऐकू येत नसे, तिथे नावं घेऊन करायचं काय? नाव दाखवता आलं पाहिजे. मुकादमाला बोलवायचं तर वरच्या ओठावरून बोट फिरवायचं, म्हणजे मिशी. मिशी त्याने केव्हाच काढून टाकली होती, पण नाव काढून टाकणं त्याच्या हातात नव्हतं. कांड्यांवर सूत भरणाऱ्या बाईसाठी हवेत बोट गरगर फिरवायचं. आणि या गोष्टीतल्या मुलीसाठी दोन बोटं ओठांपुढे फडफडवायची. पुटपुटी.

हे नाव तिने स्वतःच ओढवून घेतलं होतं. काम करताना गुणगुणायची तिला खोड. दुसऱ्या कुठल्या कारखान्यात ती खपून गेली असती, पण इथे सगळा कारभार ओठांवर चाले. आवाज पोचत नाही म्हणून बायका तोंड मोठं करून नुसते ओठ हलवत आणि समोरची ते वाचून उत्तर देई. तेव्हा ज्याचे ओठ हलतात तो आपल्याशी बोलतोय, असं सगळ्याच धरून चालत. पुटपुटीचे ओठ सदा हलत. समोरच्या मागावरची मावशी पहिल्याच आठवड्यात आपला माग थांबवून, मधली वाट ओलांडून तिच्यापाशी आली.

"काय म्हणतेस?"

"काही नाही, मावशी. गाणं म्हणतेय."

"कुणासाठी?"

"कुणासाठी नाही. असंच."

मावशीने तिला जरा वेळ न्याहाळलं. "मग भिंतीकडे तोंड करून म्हण बाई. माणूस उगाच आशेने बघत बसतं."

मावशी कुणाची सख्खी मावशी नव्हती आणि शेडमधल्या सगळ्यांची होती. निम्मं आयुष्य तिने त्याच मागापुढे काढलं होतं आणि त्या बदल्यात मागांनी तिचे कान घेतले होते. ओठांची ही भाषा पुटपुटीला तिनेच शिकवली. "जीभ लपवू नकोस. दात दिसू देत. घाई करशील तर अर्धं माझ्या पदरात पडेल आणि अर्धं खाली सांडेल." जेवणाच्या सुट्टीत ती समोर बसवून घोकून घेई, आणि चुकलं की हातावर हलकी चापट. पुटपुटीला आई आठवतही नव्हती, इतक्या लहानपणी ती गेलेली. त्या चापटीसाठी ती मुद्दाम चुकायची, हे तिने कुणाला सांगितलं नाही.

या भाषेची एक रीत होती. शेडमध्ये कुजबुजता येत नाही. ओठ हलले की ते साऱ्या शेडला दिसणार. म्हणून बोलणारीचं तोंड आपल्याकडे नसेल तर आपण नजर खाली करायची. धाग्यांकडे बघावं, आपल्या पायांकडे बघावं, वाटल्यास मुकादमाकडे बघावं, पण दुसरीच्या ओठांवर नजर टाकू नये. अशी पाटी कुणी लावली नव्हती, तरी सगळ्या पाळत. भर शेडमध्ये बायका सासूबद्दल, नवऱ्याबद्दल, अंगावरच्या दुखण्याबद्दल बोलत आणि ते जिच्यासाठी असे तिलाच मिळे. चार भिंतींच्या घरातसुद्धा माणसाची इतकी राखण होत नाही.

पुटपुटीचं घर म्हणजे इस्त्रीच्या दुकानावरची एक खोली. खाली दिवसभर इस्त्र्या तापत, म्हणून वरची फरशी संध्याकाळपर्यंत कोमट राही. कामावरून आली की ती आधी फरशीवर आडवी होई. कानात शेड वाजतच असे. कुणी येणारं नाही, कुणाकडे जायचं नाही. रविवारी दूरच्या गावाहून दादाचा फोन येई. "जेवलीस का? तब्येत बरी ना? चल, ठेवतो." या तीन वाक्यांत दादा बहिणीचं सगळं करून मोकळा होई. त्याचंही चुकत नव्हतं. त्याला त्याचा संसार होता.

तर अशा रविवारी, खालचं दुकान बंद असताना, पुटपुटी गाणी करी. जुनी गिटार, फोन, आणि आवाज घुमू नये म्हणून खिडकीवर टांगलेली गादी. कानांचा भरवसा उरला नव्हता, म्हणून गिटारच्या लाकडावर हनुवटी टेकवून ती सूर लावायची. गायची मात्र शेडच्या सवयीने, तोंड पूर्ण उघडून, एकेक शब्द समोरच्याच्या हातात द्यावा तशी. पुढे कुणीतरी लिहिलं की या गायिकेचा शब्द न् शब्द कळतो, ही तिची खास शैली आहे. कसली शैली? बहिऱ्या माणसांशी बोलायची सवय होती ती.

गाणी होती शेडची. सुताच्या धुळीने येणाऱ्या खोकल्याचं एक. कुलूप लावून ठेवलेल्या संडासाचं एक, जरा विनोदी. ज्या टॉवेलांनी दुसऱ्यांची बाळं पुसली जातात त्यांचं एक. पाळी बदलताना दारात एकमेकींना नुसत्या ओलांडून जाणाऱ्या बायकांचं एक. अल्बमचं नावही ठरलं होतं, 'ऐकू येतंय का?' पण जुळलेली गाणी ओळीने ऐकली की पुटपुटीचं तोंड उतरायचं. सगळं खरं होतं आणि सगळं सभेतल्या भाषणासारखं होतं. 'आम्ही, आम्ही' म्हणणारी गाणी. त्यात एकही माणूस नव्हतं. आपण ज्यांच्यासाठी गातो त्यांच्यातल्या एकीचंही घर आपण आतून पाहिलेलं नाही, हे तिला कळत होतं आणि टोचत होतं.

एके दिवशी मावशीच्या मागावर ताण्याचे उभे धागे तुटले. ती वाकून गाठी मारत होती आणि कांडीवाली कांड्यांची टोपली घेऊन तिच्यापाशी उभी होती. दोघींची जुनी मैत्री. मावशी बोलू लागली. हात गाठीत गुंतलेले, त्यामुळे तोंडापुढे हात धरता येत नव्हता, आणि तोंड नेमकं वाटेच्या पलीकडे, पुटपुटीच्या दिशेने. शेडच्या रीतीवर विसंबून ती निर्धास्त बोलत होती.

पुटपुटीने नजर खाली करायला हवी होती. तिने केली नाही.

मावशी सांगत होती, की मला आता बाळाचं रडणं अजिबात ऐकू येत नाही. मुलगा गाडीवर, आठ-आठ दिवस बाहेर. सून दुकानात कामाला, दुपारी मी पाळीवरून घरी पोचले की जाते ती दिवेलागणीनंतर येते. तोवर नातू माझ्याकडे. पहिले काही दिवस मी पाळण्याशेजारून हललेच नाही, पण स्वयंपाक कोण करणार? मग युक्ती केली. दोरीचं एक टोक बाळाच्या पायाला सैलसर, दुसरं माझ्या मनगटाला. ते जागं झालं, पाय झाडले, की मला ओढ लागते. सून यायच्या आत दोरी उशीखाली. "तिला कळलं तर ती बाळ माझ्याकडे ठेवायची नाही गं," मावशी म्हणाली. "आणि मग मी घरी जाऊन करू काय?"

कांडीवालीने तिच्या पाठीवर हात ठेवला. गाठी मारून झाल्या, माग सुरू झाला. पुटपुटीने आता कुठे नजर खाली केली.

संध्याकाळी कोमट फरशीवर बसून तिने 'दोरी' केलं. शब्द शोधावे लागले नाहीत.

एक टोक तुझ्या पायात, एक माझ्या मनगटात,
तू रडलास की मला कळतं, बाळा, ओढ लागते हातात.
कान माझे राहून गेले मागांच्या खडखडाटात,
आईला तुझ्या सांगू नकोस, एवढं राहू दे आपल्यात.

गाताना ती रडली, आणि ते रडणं खोटं नव्हतं. आपण मावशीला मान दिला असंच तिला वाटत होतं. मावशीला विचारायला हवं, हेही वाटत होतं. चार-पाचदा ती जेवणाच्या सुट्टीत तोंड उघडून बसलीसुद्धा. पण विचारायचं तर आधी कबूल करायला हवं होतं, की मी बघितलं. शेडमध्ये चोर म्हणून नाव निघालं असतं तरी परवडलं असतं, पण बघणारी म्हणून निघालं की संपलं. शेवटी तिने स्वतःची समजूत घातली. नाव कुठे घेतलंय? शहरात काय एकच बहिरी आजी आहे?

अल्बम तिने स्वतःच फोनवरून सगळ्यांना ऐकायला ठेवला. दादाने पहिलं गाणं अर्धं ऐकलं. "चांगलंय. पण जरा आनंदी काही नाही का?" सुरुवातीला ऐकणारे बोटांवर मोजण्याइतके होते. मग 'दोरी' एकाने दुसऱ्याला पाठवलं, दुसऱ्याने दहांना. गाण्यांवर लिहिणाऱ्या कुणीतरी या अल्बमला सामाजिक भान असलेला इंडी पॉप म्हटलं. पुटपुटीला तोवर वाटत होतं आपण नुसती गाणी करतो. त्याच लेखात असंही होतं की तिने मुक्यांना आवाज दिला. शेडमधल्या बायका मुक्या! दोघी भेटल्या की थांबवायला मुकादम लागतो, त्या मुक्या!

शेडमधल्या कुणाला गाणी धड ऐकू आली नाहीत, पण कौतुक सगळ्यांनी केलं. आपल्यातल्या एकीचं नाव झालं, एवढं पुरे होतं. मुकादमाने संडासाचं गाणं आपल्यावर आहे असं समजून चार दिवस गाल फुगवले आणि पाचव्या दिवशी कुलूप काढलं. पुढे खोकल्याचं गाणं ऐकून एक डॉक्टरीणबाई तपासणीला आल्या. त्यांनी एकेकीच्या छातीला नळी लावली, हवेतली धूळ बघितली, मालकाला खरमरीत सुनावलं आणि सगळ्यांना मास्क द्यायचे ठरवून गेल्या. त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मावशीने आपल्या डब्यातला घास पुटपुटीच्या तोंडात घातला.

"मला मेलीला ऐकू येत नाही," मावशी म्हणाली. "पण माझी सून ऐकते तुझी गाणी. दुकानात सारखी लावते म्हणे. मी तिला सांगितलंय, माझ्या समोरच्या मागावरची आहे ती."

तो घास पुटपुटीला गिळता गिळेना. त्या संध्याकाळी तिने 'दोरी' काढून टाकलं. पण पाण्यात सोडलेली साखर परत उचलता येत नाही. गाणं लोकांच्या फोनमध्ये होतं, कुणी स्वतः गाऊन ठेवलं होतं. त्यातली एखादी आवृत्ती सुनेच्या दुकानात वाजतच असणार. पुटपुटी रोज सकाळी शेडमध्ये शिरताना आधी मावशीचा चेहरा बघायची. मावशी हसली की तिचा दिवस निघायचा. एवढं एक हसणं गेलं तर आपल्याजवळ काहीच उरत नाही, हे तिला आता लख्ख दिसत होतं.

मास्क वाटले त्या सकाळी मावशी हसली नाही.

मास्क कारखान्याच्याच कापडाचे शिवलेले होते, डोक्यामागे बांधायच्या नाड्यांचे. मुकादम एकेकीच्या हातात देत चालला होता. कांडीवाली तरातरा पुटपुटीकडे आली. माग अजून सुरू व्हायचे होते, त्यामुळे तिचा खराखुरा आवाज ऐकू आला, घोगरा आणि रागावलेला.

"सुनेने उशीखाली दोरी बघितली. पोरीला गाण्याने आधीच शंका आलेली. भांडली नाही हो ती, चांगली आहे बिचारी. घाबरली, एवढंच. फोनवरचे शब्द मावशीपुढे धरले आणि विचारलं, हे तुम्हीच का? मावशीला खोटं बोलता येत नाही. बाळ आजपासून पाळणाघरात." तिने श्वास घेतला. "आणि मावशी आधी आली माझ्यावर. म्हणे, तू सांगितलंस! मी पोराबाळांच्या शपथा घेतल्या तेव्हा विश्वास बसला. मग ती आठवत बसली, तेव्हा समोर कोण होतं ते."

पुटपुटीने मान वर केली. वाटेच्या पलीकडे मावशी उभी होती, हातात मास्क. पुटपुटी बघतेय याची खात्री होईपर्यंत ती थांबली. मग जसं शिकवलं होतं तसं, जीभ न लपवता, दात दिसतील असं, सावकाश म्हणाली.

"तू बघितलंस."

अशा वेळी माणसाने पाय धरावेत, रडावं, काहीही करावं. पुटपुटी म्हणाली, "मी नाव नाही घेतलं, मावशी."

आपण काय बोललो ते तिला बोलल्यावर कळलं. गाण्याबद्दल तिने पुढे स्वतःला कधीतरी माफ केलंही असतं, या वाक्याबद्दल नाही. मावशीने मास्क तोंडावर चढवला, नाड्या मागे बांधल्या आणि मागाकडे वळली. माग सुरू झाले.

त्या दिवसापासून शेडमधलं बोलणं आटलं. ओठच झाकले गेले, वाचायचं काय? सुरुवातीला बायका मास्क खाली ओढून दोन शब्द बोलून घेत, पण मुकादमाला तपासणीची धास्ती, तो धावत येई. हळूहळू खाणाखुणांवर भागवायला लागल्या. कांडी संपली, धागा तुटला, जेवायला चल. एवढ्याला हात पुरतात. सासूबद्दल बोलायला हात पुरत नाहीत. "खोकला गेला बाई तुझ्या गाण्याने," कांडीवाली तिला म्हणाली, तेही दारात, घरी जाताना, "पण गप्पाही गेल्या." तिने सुस्कारा टाकला आणि निघून गेली. डॉक्टरीणबाई पुन्हा आल्या तेव्हा त्यांनी पुटपुटीचा हात हातात घेऊन अभिनंदन केलं. छातीत धूळ जाणं थांबलं होतं, हे खरंच होतं. ते वाईट झालं असं कुणी म्हणू शकलं नसतं.

जेवणाच्या सुट्टीत पुटपुटी मावशीसमोर जाऊन बसे. मावशी डब्यात बघून जेवे. ज्याला ऐकू येत नाही त्याने नजर काढून घेतली की त्याच्याशी भांडता येत नाही आणि त्याची माफीही मागता येत नाही. पुटपुटी बोलत राही. शेजारच्या बायका उठून जात, रीत म्हणून. मावशी शेवटचा घास खाई, डबा लावी आणि जाई. त्या डब्यातला घास आता कुणाला मिळत नव्हता.

एका सभागृहात तिला गायला बोलावलं. लोक चांगले होते, पाणी दिलं, खुर्ची दिली. शेवटी सगळे 'दोरी, दोरी' करू लागले. "ते गाणं मी म्हणत नाही," ती म्हणाली. टाळ्या पडल्या. लोकांना वाटलं, गाणं तिच्या फार जवळचं आहे. ती एकटी घरी आली आणि फरशीवर बसली. रविवार होता, फरशी गार होती.

मग तिने एक करून बघितलं. शेडमध्ये मास्क घालणं सोडून दिलं. मास्क गळ्यात लोंबता ठेवायचा, तोंड उघडं. मावशीची नजर चुकून जरी वर आली तरी आपले ओठ तिला दिसावेत. माग चालवता चालवता ती एकच शब्द म्हणत राही, पुन्हा पुन्हा. चुकलं. चुकलं. ज्या सवयीमुळे तिला नाव पडलं ती आता तिने मुद्दाम धरली होती. मुकादमाने हातवारे करून झापलं, आणलेस तूच आणि घालत नाहीस तूच? तिने मान हलवली आणि तशीच राहिली. सुताची धूळ नाकातोंडात जाऊ लागली. खोकला लागला. गाण्याचा गळा खरखरीत झाला. मावशी धाग्यांकडे बघून काम करी. ती रीत पाळत होती. आपल्यासाठी नसलेल्या ओठांवर तिने आयुष्यात कधी नजर टाकली नव्हती, आणि हे ओठ आता तिच्यासाठी नव्हते.

एक दिवस पुटपुटीला खोकल्याची अशी उबळ आली की मागाला धरून वाकावं लागलं. डोळ्यांतून पाणी आलं. डोळे पुसून वर बघते, तर समोरचा माग थांबलेला. मावशी मधली वाट ओलांडून येत होती, पहिल्या आठवड्यात आली होती तशीच.

पुटपुटी ताठ उभी राहिली. इतके दिवस जमवलेलं सगळं ओठांवर आलं. तिने तोंड उघडलं.

मावशीने तिच्या गळ्यातला मास्क उचलून त्या उघड्या तोंडावर ठेवला. खांद्याला धरून तिला पाठमोरी केली. नाड्या ओढून घेतल्या आणि डोक्यामागे गाठ मारली, तुटलेल्या धाग्यांना मारतात ती, आवळली की न सुटणारी. मग गाठ धरते का बघायला एक हिसका दिला. पुटपुटीने डोळे मिटून घेतले. आता हातावर चापट बसेल, असं तिला वाटलं. चापट बसली नाही. वळून बघितलं तेव्हा मावशी आपल्या मागावर पोचली होती आणि धाग्यांकडे बघत होती.

घरी गाठ सुटेना. नखांनी बघितलं, दातांपर्यंत ती पोचत नव्हती. कात्री समोर पडली होती. पुटपुटीने ती घेतली नाही. मास्क तिने तसाच डोक्यावरून ओढून काढला, धुतला, दोरीवर वाळत घातला आणि दुसऱ्या दिवशी गाठीसकट डोक्यावरून घातला. त्यानंतर रोज तसाच.

माफी मिळाली का, हे तिला कधी कळलं नाही. एका दुपारी मुकादम बाहेर गेला होता. कांडीवाली टोपली घेऊन मावशीपाशी आली आणि दोघींनी इकडेतिकडे बघून मास्क खाली ओढले. मावशीचं तोंड वाटेच्या पलीकडे वळलेलं होतं. कितीतरी दिवसांनी ते उघडं दिसत होतं. ओठ हलू लागले. त्यात बाळाबद्दल काही असेल, आपल्याबद्दलही असेल, असं पुटपुटीच्या मनात आलं.

तिने मान खाली घातली आणि आपल्या धाग्यांकडे बघत राहिली.